भुसावळला आलेला कोळसा कोणी खणला? खाण कामगार, त्यांच्या वस्त्या आणि आपण खानदेशी

तापीकाठ (धागाकर्ता)

भुसावळवर कोणी लिहायला बसलं की जंक्शन येतं, लोकोशेड येतं, रेल्वेच्या चाळी येतात, दीपनगरच्या वीजकेंद्राच्या चिमण्या येतात. ज्या कोळशावर हे सगळं चाललं, तो जमिनीखाली उतरून खणणारी माणसं मात्र त्या लिखाणात कुठेच नसतात. हे मला बरेच दिवस खटकतंय, म्हणून धागा काढतोय.

जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांत कोळशाची खाण नाही. आपल्या पायाखाली दख्खनचा काळा पाषाण आणि तापीचा गाळ. कोळसा निघतो तो गोंडवनी खडकांत, वर्धा, पेंच, कन्हानच्या खोऱ्यांत. त्यामुळे गिरणी कामगार आपला, रेल्वेवाला आपला आणि खाणवाला कुठला तरी लांबचा, असं मनात बसून गेलंय.

पण रेल्वेचा नकाशा उघडून बघा. नागपूरकडचा फाटा आणि इटारसी-खंडव्याकडचा मार्ग भुसावळला एकत्र येतात. नागपूरपर्यंत गाडी १८६७ मध्ये गेली आणि मार्च १८७० मध्ये जबलपूरमार्गे मुंबई-कलकत्ता जोडलं गेलं. सुरुवातीच्या काळात जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वे कंपनीला इंजिनांसाठी कोळसा जहाजाने विलायतेहून आणावा लागे, कारण बंगालचा कोळसा इथवर पोचायला रूळच नव्हते. म्हणजे भुसावळच्या पहिल्या इंजिनांत जळला तो इंग्रज आणि वेल्श खाणकऱ्यांनी काढलेला कोळसा. मग नर्मदा खोऱ्यातल्या, गाडरवाड्याजवळच्या मोहपाणीचा कोळसा यायला लागला. तिथे १८६२ पासून खाण चालू होती आणि १९०४ मध्ये जीआयपीने ती विकतच घेतली. इकडे चांदा (आताच्या चंद्रपूर) जिल्ह्यात वरोऱ्याला सरकारने १८७० च्या दशकात खाण काढली आणि तिच्यासाठी वर्ध्याहून खास फाटा टाकला. वरोरा म्हटलं की आपल्याला आनंदवन आठवतं. त्याच गावात आनंदवनाच्या कितीतरी आधी माणसं खाली उतरत होती, आणि १९०६ मध्ये ती खाण बंद झाल्यावर बल्लारपूर, माजरीकडे पांगली, हे मलाही उशिराच कळलं.

अमळनेर, धुळे, जळगावच्या कापड गिरण्यांचे बॉयलरही याच कोळशावर. आता दीपनगरला ५०० मेगावॉटचे संच चालतात, त्यांच्यासाठी दिवसरात्र रेक येतात.

माझी विनंती अशी, की ज्यांच्या घरातलं कोणी खाणीत होतं, किंवा ज्यांचा खाणवस्तीशी संबंध आला, त्यांनी इथे सविस्तर लिहावं. ऐंशीच्या पुढची माणसं आता थोडी उरलीत.

जुना_फायरमन

बरा विषय काढलात. मी भुसावळ शेडला क्लीनर म्हणून लागलो आणि पुढे फायरमन झालो, वाफेच्या शेवटच्या काळात. आम्ही कोळसा बघून सांगायचो, कुठला आहे. झारखंडकडच्या झरियाचा असला की फुटल्यावर चकाकायचा, आग धरून ठेवायचा. चांद्याचा कोळसा ओलसर. धूर जास्त, राख जास्त, शेगडीवर क्लिंकर, म्हणजे वितळून घट्ट झालेली राख, धरायचा. त्याची आग जाड करून चालत नसे, पातळ आणि सारखी पसरावी लागे. फावडं टाकताना मनगट असं फिरवायचं की कोळसा कोपऱ्यापर्यंत उडाला पाहिजे. चाळीसगावच्या पुढे चढाला वाफ कमी पडली की ड्रायव्हरसाहेब जे बोलायचे ते इथे लिहिता येणार नाही.

चांद्याच्या कोळशाची आणखी एक खोड म्हणजे ढीग करून ठेवला तर आपोआप तापतो. उन्हाळ्यात स्टॅकमधून धूर निघालेला मी स्वतः पाहिलाय. ढीग उपसून पसरायला लागायचा. हाच कोळसा खाणीत मागे सोडलेल्या भागात तापला तर आतल्या माणसाचं काय होत असेल, याचा विचार तेव्हा आमच्यातल्या कोणी केला नाही. आम्ही कोळशाला शिव्या द्यायचो. तो कोणी काढला हे विचारायचं कधी डोक्यातच आलं नाही.

धुळे_पांझरा

तापीकाठ भाऊ, राग मानू नका. आमच्या आजीच्या भाषेत विचारतो, कोयसा आठे कोठे शे? खानदेशचे प्रश्न कमी आहेत का? कापसाला भाव नाही, गिरण्या बंद पडल्या, पोरं सुरत-पुण्याला चालली. आणि कोळसा हे इंधनच आता जगाला नको झालंय. राखेवर बोला, धुरावर बोला. खाणीचं कौतुक कशाला?

तापीकाठ

राग कसला. राखेवर जरूर बोलू, त्याचा वेगळा धागा काढा, मी पहिला प्रतिसाद देईन. पण इथे मी कोळशाचं नाही, माणसांचं बोलतोय. कोळसा उद्या बंद झाला तरी ज्यांची फुफ्फुसं त्यात गेली त्यांचा हिशेब राहतोच. उलट बंद होण्याच्या काळात तो जास्त लागेल, कारण मग कोणी विचारणारच नाही. अमळनेरच्या गिरणीबद्दल आपण हळहळतो, मोर्चे, सभा आठवतो. त्या गिरणीचं बॉयलर पेटवणारा माणूस आपल्या आठवणीत आहे, आणि त्या बॉयलरचा कोळसा काढणारा नाही. या दोघांत मला फरक करता येत नाही.

रावेरची_लेक

माझा मामा खाणीत होता, चंद्रपूरला. आमचं मूळ रावेर तालुक्यातलं. केळीत तीन भाऊ पुरत नव्हते, म्हणून सत्तरच्या दशकात, खाणी सरकारच्या झाल्यावर, हा एका ओळखीच्या माणसामागे तिकडे गेला आणि लोडर म्हणजे कोळसा भरणारा म्हणून लागला. लहानपणी सुट्टीत मी तिकडे राहिलेय, त्यामुळे वस्तीचं लिहू शकते.

पहिलं आठवतं ते भाषांचं. एका रांगेत छत्तीसगढी, त्यांच्यासमोर तेलुगू घरं, पलीकडे गोरखपूरकडचे, मध्ये मध्ये बिहारी आणि गोंड. मराठी बोलणारे होते, पण खाणीची भाषा हिंदीच. मामा घरी आला की मामीशीसुद्धा अर्धं हिंदीत बोलायचा. आमची आजी त्यावरून फार नाराज असायची, “लेक गेला आन बोलीबी गेली” म्हणायची.

तीन पाळ्या आणि भोंगा. भोंग्यावर दूध तापायचं, भोंग्यावर पोरं शाळेत जायची. भोंगा वेळेच्या बाहेर वाजला तर बाया हातातलं काम टाकून खाणीच्या तोंडाशी धावायच्या. मी हे एकदाच पाहिलं. कोणी काही बोलत नव्हतं. नंतर कळलं की चाल पडली होती. छताला तिथे सगळे चाल म्हणतात. त्या दिवशी दोघे दगावले. त्यातला एक मामाच्याच पाळीचा.

मामा सांगायचा की कोळसा काढताना मध्ये मध्ये चौकोनी खांब सोडत जातात, त्यांच्यावर वरचा डोंगर उभा. मग शेवटी परत फिरताना तेच खांब कापत यायचं आणि मागची चाल पडू द्यायची. सगळ्यात जास्त भीती या कामाची. सरदार, म्हणजे पाळीचा मुकादम, काठीने चाल ठोकून बघायचा. खणखणीत वाजली तर ठीक, पोकळ वाजली तर मागे फिरा. सालाच्या लाकडाच्या थुण्या लावायचे. लोखंडापेक्षा मामाचा लाकडावर जास्त विश्वास, कारण लाकूड मोडायच्या आधी कुरकुरतं, तेवढ्यात माणूस पळतो.

एक गोष्ट मात्र सांगितलीच पाहिजे. मामाला पगार चांगला होता, क्वार्टर होतं, दवाखाना होता. गावी घर बांधलं ते त्याच पैशांवर, माझ्या आईच्या लग्नाला हातभार लावला तोही त्यातूनच. त्यामुळे आमच्या घरात खाणीबद्दल कोणी वाईट बोलत नाही. त्याचा खोकला सगळ्यांना माहीत होता, तरी नाही.

वणीकर_मुक्ताईनगरचा

ताई, चाल ठोकून बघण्याचं अगदी बरोबर लिहिलंत. मी सध्या यवतमाळकडच्या वणी भागात ओपनकास्टला, म्हणजे उघड्या खाणीत आहे, त्याआधी काही वर्षं भूमिगतला होतो.

तुमच्या मामांच्या आधीच्या पिढीचं, राष्ट्रीयीकरणापूर्वीचं, मी जुन्या लोकांकडून ऐकलंय. मजुरी टबावर, म्हणजे कोळशाच्या भरलेल्या छोट्या गाडीवर. टब वरपर्यंत भरला नाही किंवा त्यात दगड सापडला की मुन्शी तो धरायचाच नाही. माणसं कंपनीची नव्हेत, ठेकेदाराची. हाजरीत नाव नाही म्हणजे अपघात झाला तर तो माणूस खाणीत होताच असं सिद्ध करता येत नसे. युद्धाच्या काळात गोरखपूरला सरकारी डेपो काढून तिथून मजूर खाणींना पुरवायला लागले. त्यांना वेगळ्या छावणीत ठेवायचे, बायका-मुलं आणायची नाहीत. पगाराच्या दिवशी सावकार वस्तीच्या वाटेवर बसलेला.

कोकिंग (पोलादाला लागणाऱ्या) कोळशाच्या खाणी १९७२ मध्ये आणि बाकीच्या १९७३ मध्ये सरकारने घेतल्या. आपल्याकडच्या दुसऱ्या गटातल्या. पहिला मोठा वेतन करार १ जानेवारी १९७५ पासून लागू झाला. जुने लोक काळाचे दोनच भाग करतात, मालकाच्या वेळी आणि सरकारच्या वेळी.

आता तिसरा भाग सुरू झालाय, त्याबद्दल कोणी बोलत नाही. सत्तरच्या दशकात देशातला बहुतेक कोळसा भूमिगत खाणींतून निघायचा. आज नव्वद टक्क्यांच्या वर उघड्या खाणींतून निघतो. चाल पडून मरणं कमी झालं, हे चांगलंच झालं. पण ऐंशीच्या दशकात कोल इंडियात सहा लाखांच्या वर कायम माणसं होती, ती आता सव्वादोन लाखांच्या आसपास आलीत. माती उपसणं, वाहतूक, सगळं ठेक्यावर. तोच ठेकेदार परत आला, यावेळी डंपर घेऊन. कायम कामगाराची आणि त्याच्याशेजारी तोच धूर खाणाऱ्या ठेक्यावरच्या पोराची वस्ती वेगळी, दवाखाना वेगळा, पगार तर विचारूच नका.

आणि जमीन. दोन एकराला एक नोकरी असा हिशेब चालतो. ज्याची दीड एकर गेली तो दुसऱ्या दीड एकरवाल्याशी जमवतो, मग नोकरी कोणाच्या पोराने घ्यायची यावरून भावकी तुटते. खाणवस्तीचा इतिहास लिहायचा तर ज्यांच्या शेतावर खाण झाली ती गावंही धरा.

चंद्रपूरजवळच्या घुग्घुसचं तर सगळ्यांनी बातमीत पाहिलं असेल. ऑगस्ट २०२२ मध्ये अमराई वॉर्डात एक घर बघता बघता जमिनीत गेलं. घरातली माणसं वेळेत बाहेर पडली म्हणून वाचली. खाली जुनी भूमिगत खाण. वरची वस्ती तीच, ज्यांच्या बापजाद्यांनी ती पोकळी केली.

जुना_फायरमन

ही वस्ती खाली खचण्याची गोष्ट मला माहीतच नव्हती. आतली पोकळी वाळूने भरतात ना?

वणीकर_मुक्ताईनगरचा

हो आप्पा, नदीची वाळू पाण्यासोबत पाइपाने आत सोडतात. पण वाळू भरायला पैसा आणि वेळ लागतो. जुन्या मालकांनी बहुतेक ठिकाणी ते केलं नाही, आणि कित्येक जुन्या कामांचे नकाशेही धड नाहीत. नकाशा नसणं हा तर सगळ्यात मोठा घात. शेजारच्या सोडून दिलेल्या खाणीत पाणी साचलेलं असतं, मध्ये किती भिंत उरली ते कळत नाही. २७ डिसेंबर १९७५ ला धनबादजवळ चासनाल्यात असंच पाणी फुटून आत आलं आणि ३७५ माणसं गेली. आपल्या जवळचं उदाहरण म्हणजे छिंदवाडा जिल्ह्यातली न्यूटन चिखली, १० डिसेंबर १९५४. तिथेही पाणीच, साठांहून अधिक मेले. परासियाकडचे लोक अजून त्या दिवसाचं नाव काढतात. ते ठिकाण आपल्या रावेर-मुक्ताईनगरपासून फार लांब नाही, पण आपल्याकडे कोणाला विचारा.

सावदा_ते_भीमनगर

या धाग्यावर बायकांचं काम अजून आलं नाही, म्हणून लिहिते. बायका फक्त खाणीच्या तोंडाशी वाट बघत नव्हत्या. त्या आत होत्या. १९२० च्या सुमारास कोळसा खाणींतल्या कामगारांत साधारण तिसरा हिस्सा बायका. नवरा कोळसा पाडणार, बायको टोपलीत भरून टबापर्यंत नेणार, अशी जोडी. मजुरी जोडीची, हातात पडणार नवऱ्याच्या. तान्हं मूल आतच कुठेतरी कोरड्या जागी निजवलेलं.

१९२९ मध्ये नियम झाला की बायकांना हळूहळू भूमिगत कामातून काढायचं, दहा वर्षांत पूर्ण बंद. ऐकायला चांगलं वाटतं. पण जोडीची मजुरी होती तिथे एकाचीच राहिली, आणि घरात पैसे वाढवून कोणी दिले नाहीत. मग युद्धात कोळसा कमी पडला तेव्हा १९४३ मध्ये तीच बंदी उठवली. सगळ्यात आधी उठवली ती मध्य प्रांत-वऱ्हाडात, म्हणजे आपल्या शेजारी. त्या वेळी व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खातं बाबासाहेबांकडे होतं. त्यांना यावरून कायदेमंडळात प्रश्न झाले. डिसेंबर १९४३ मध्ये ते धनबादला गेले आणि स्वतः खाणीत उतरून कामाची जागा आणि मजुरांची घरं पाहून आले. लगेच पुढे जानेवारी १९४४ मध्ये कोळसा खाण कामगार कल्याण निधीचा वटहुकूम निघाला. घरं, पाणी, दवाखाने यांसाठी कोळशावर उपकर बसला. खाणीतल्या बाईच्या बाळंतपणाच्या कायद्यातही त्यांच्याच काळात सुधारणा झाली. फेब्रुवारी १९४६ पासून बायकांची बंदी परत आली.

भुसावळच्या भीमनगरात जयंतीला दरवर्षी राज्यघटनेवर भाषणं होतात, व्हावीतच. पण रेल्वेत ज्यांची हयात गेली त्या आमच्या वस्तीत बाबासाहेब खाणीत उतरले होते हे कोणी सांगत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं. मी यंदा सांगणार आहे.

२०१९ मध्ये बायकांना लेखी संमतीने, दिवसपाळीत, पुन्हा भूमिगत काम करायची मुभा मिळाली. आता जाणाऱ्या मुली ओव्हरमॅन (देखरेख करणाऱ्या), इंजिनिअर म्हणून जातात. टोपलीवाल्या बायांची नावं मात्र कुठल्याच हाजरीत नीट मिळत नाहीत.

पारोळा_टू_लीड्स

मी मूळ पारोळ्याचा, सध्या यॉर्कशायरमध्ये. धाग्यात विलायती कोळशाचा उल्लेख आला म्हणून राहवलं नाही. इथे वेकफील्डजवळ कॅपहाउस नावाची जुनी खाण आता राष्ट्रीय कोळसा संग्रहालय आहे. पाळण्यातून, म्हणजे खाणीच्या लिफ्टमधून, सुमारे १४० मीटर खाली नेतात, आणि माहिती देतात ते बरेचसे पूर्वीचे खाणकरी. पगारी काम आहे ते त्यांचं. दिवा विझवून ते सांगतात की पूर्वी पाच-सहा वर्षांची पोरं हवेचं दार उघडायला अशा अंधारात बारा तास बसायची.

इथून जवळच हस्करच्या खाणीत १८३८ मध्ये २६ मुलं पाण्यात बुडून मेली. त्यानंतर चौकशी झाली आणि १८४२ मध्ये बायका आणि दहा वर्षांखालची मुलं भूमिगत कामातून कायद्याने बंद झाली. आपल्याकडे तीच गोष्ट व्हायला शंभर वर्षं गेली, आणि राज्य त्यांचंच होतं.

१९८४-८५ चा वर्षभराचा संप इथल्या गावांत अजून ताजा आहे. संप मोडून कामावर गेलेल्याच्या घराशी चाळीस वर्षांनंतरही काही जण बोलत नाहीत. इथली शेवटची खोल खाण, केलिंगली, डिसेंबर २०१५ मध्ये बंद झाली. वस्त्या राहिल्या, काम गेलं. धुळे_पांझरा यांना मला हेच सांगायचंय. कोळसा जगाला नको झाला की पुढे काय होतं ते मी रोज बघतो. निदान गोष्ट सांगायला माणसं आणि जागा तरी ठेवल्यात इथल्यांनी.

धुळे_पांझरा

वाचतोय सगळं. आमच्या धुळ्याच्या गिरणीचं असं काहीच ठेवलं नाही कोणी. वणीकर, एक विचारायचं होतं. आमच्या गल्लीत एक आजी आहेत, मुलीकडे राहतात. त्यांचे यजमान चंद्रपूरकडे खाणीत होते, सेवेत असतानाच वारले, पुष्कळ वर्षं झाली. आजींना काहीच मिळत नाही म्हणतात. काही होऊ शकतं का?

वणीकर_मुक्ताईनगरचा

नक्की बघता येईल. कोळसा खाणींची भविष्य निर्वाह निधी संघटना वेगळी आहे, बाकी कारखान्यांच्या पीएफशी तिचा संबंध नाही. लोक इथेच चुकतात, जळगाव-नाशिकच्या पीएफ कार्यालयात जाऊन हात हलवत परत येतात. आपल्या भागाचं प्रादेशिक कार्यालय नागपूरला. कुटुंब निवृत्तिवेतनाची योजना १९७१ पासून आणि आताची पेन्शन योजना १९९८ पासून. आजींकडे यजमानांचा सीएमपीएफ (कोळसा खाण भविष्य निर्वाह निधी) नंबर असलेला एखादा कागद आहे का बघा, जुनी पगाराची चिठ्ठी असली तरी चालेल. खाणीचं नाव, नोकरीला लागल्याचं आणि मृत्यूचं वर्ष, मृत्यूचा दाखला, लग्नाचा काही पुरावा. काहीच नसेल तर खाणीच्या नावावरून त्या क्षेत्राच्या कार्मिक विभागात जुनी नोंद शोधावी लागते. मला खाणीचं नाव खासगी निरोपात कळवा, मी आमच्या युनियनच्या माणसांना विचारतो.

रावेरची_लेक

मामी अजून आहे, मुलाजवळ राहते, दिवाळीत रावेरला येणार आहे. तापीकाठ, तुम्ही भुसावळहून येऊ शकाल का? फोनवर ती दोन वाक्यांच्या पुढे बोलत नाही, समोर बसली की बोलते. काय विचारायचं ते मला आधी सांगा, म्हणजे तिला सवय होईल.

तापीकाठ

नक्की येतो ताई. सोबत सावदा_ते_भीमनगर ताईही आल्या तर बरं, बाईमाणसाशी मामी मोकळ्या बोलतील. काय विचारायचं ते वणीकरांनीच सांगावं, त्यांना आतलं माहीत आहे.

वणीकर_मुक्ताईनगरचा

मोठे प्रश्न विचारू नका. “खाणीतलं आयुष्य कसं होतं” असं विचारलं की कोणीही “बरं होतं” म्हणतं. खाण कोणती, भुयार कोणतं, मामांच्या पाळीत कोण कोण होतं आणि कुठल्या गावचं, सरदार कोण होता, पाळीला जाताना डब्यात काय द्यायच्या, पाणी कुठून भरायच्या, पगार कोणत्या दिवशी व्हायचा आणि कोणाच्या हातात पडायचा, क्वार्टर मिळण्याआधी कुठे राहिले, चाल पडली त्या दोघांच्या घरच्यांचं पुढे काय झालं. माणसांची नावं आली की त्या आपोआप बोलायला लागतील. छत्तीसगढी शेजारणींबद्दल विचाराच, वस्तीतलं खरं सगळं तिथे कळतं.

आणि ताई, मामांची दर पाच वर्षांनी तपासणी होत असणार, छातीचे एक्स-रे निघत असणार. घरात ती पाकिटं, तपासणीचे कागद असतील तर मामींना म्हणावं रद्दीत घालू नका, दिवाळीला येताना सोबत घेऊन या.